कॅमेरा नेहमी उशिरा येतो

अत्याचाराची बातमी होते तेव्हा माणूस मेलेला असतो किंवा घर जळालेलं असतं. मग कॅमेरे येतात. राख, तुटलेली भांडी, छाती बडवणारी आई, पोलीस बंदोबस्त, पुढाऱ्यांच्या गाड्या, हे सगळं टिपलं जातं आणि चार दिवसांनी कॅमेरे परत जातात. मेलेला माणूस जिवंत असताना कसा बोलायचा, कशावर हसायचा, सहा डिसेंबरला दादरला कुणाबरोबर जायचा, याचं चित्र कुणाकडे नसतं. देशाच्या डोळ्यांपुढे आपण येतो ते प्रेत म्हणून.

माहितीपटांवर आपल्या चळवळीत वाद होतो तो बहुतेक वेळा एकाच प्रश्नावर: कॅमेरा कोणाच्या हातात आहे? प्रश्न रास्त आहे आणि तो विचारत राहिलं पाहिजे. पण त्याच्या जोडीला दुसरा एक प्रश्न आहे, तो आपण फारसा विचारत नाही. कॅमेरा सुरू कधी झाला? गुन्हा घडल्यानंतर की आधी? दोन माहितीपटकारांच्या कामावरून मला हा प्रश्न मांडायचा आहे. एक मुंबईचे आनंद पटवर्धन. दुसरा आपल्याच सांगली जिल्ह्यातल्या मालेवाडीचा सोमनाथ वाघमारे.

आधी रमाबाई नगर. 11 जुलै 1997 च्या सकाळी घाटकोपरच्या माता रमाबाई आंबेडकर नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याला चपलांची माळ घातलेली दिसली. लोक जमले, महामार्ग अडवला गेला. राज्य राखीव पोलीस दलाच्या तुकडीने गोळीबार केला आणि 10 माणसं मारली. नंतर पोलिसांनी सांगितलं की जमाव गॅसच्या टँकरना आग लावणार होता, मोठा स्फोट टाळण्यासाठी गोळ्या चालवाव्या लागल्या. टीव्हीवर जळत्या वाहनांची दृश्यं दाखवली गेली आणि शहरातल्या सुखवस्तू माणसाला ते पटलंही. टँकर नेमके कुठे उभे होते आणि माणसं कुठे मेली, हे अंतर मोजायचे कष्ट किती वाहिन्यांनी घेतले? ‘जय भीम कॉम्रेड’मध्ये पटवर्धन हेच अंतर दाखवतात. गुंडेवार आयोगानेही टँकरचा बचाव मान्य केला नाही आणि गोळीबार असमर्थनीय ठरवला. तुकडीचा उपनिरीक्षक मनोहर कदम याला सदोष मनुष्यवधासाठी जन्मठेप झाली ती 2009 साली, म्हणजे 12 वर्षांनी. त्यानंतर लवकरच उच्च न्यायालयातून जामीन. पुरावा असूनही न्यायाची ही गत. मग पुरावा नसेल तिथे काय होत असेल?

त्याचं उत्तर फार लांब नाही. साताऱ्याच्या माण तालुक्यातल्या कुळकजाईत मधुकर घाडगे यांनी आपल्या शेतात विहीर खणायला घेतली. एप्रिल 2007 मध्ये त्यांना जमावाने मारलं. 2010 साली सत्र न्यायालयात सगळे आरोपी सुटले. तिथे महामार्ग नव्हता, टीव्ही नव्हता, 14 वर्षं पाठपुरावा करणारा माहितीपटकारही नव्हता. घाडगे यांचं नाव आज आपल्या किती तरुणांना सांगता येईल? साताऱ्या-सांगलीच्या कार्यकर्त्यांना तरी यायला हवं.

गोळीबारानंतर चार दिवसांनी, 15 जुलैला, शाहीर विलास घोगरे यांनी मुलुंडच्या घरात गळफास घेतला. डोक्याला निळी पट्टी बांधलेली होती. घोगरे हे आव्हान नाट्य मंचाचे गायक, डाव्या चळवळीत वाढलेले. संघटनेने त्यांना बाहेर काढलं होतं, हेही चित्रपट लपवत नाही. पटवर्धन सांगतात की या मृत्यूने त्यांना पुन्हा कॅमेरा उचलायला लावला आणि चित्रपट पुरा व्हायला 14 वर्षं लागली.

पण माझ्या मुद्द्याच्या दृष्टीने महत्त्वाचं ते पुढे आहे. ‘जय भीम कॉम्रेड’मध्ये घोगरे गातात. आत्महत्या केलेला माणूस पडद्यावर ढोलकीच्या तालावर उभा राहतो आणि त्याचा आवाज खोलीभर होतो. हे कसं शक्य झालं? पटवर्धन 1985 साली झोपडपट्ट्या पाडण्याविरोधात ‘हमारा शहर’ करत होते, तेव्हा त्यांनी घोगरेंना चित्रित केलं होतं. गोळीबाराच्या 12 वर्षं आधी. तेव्हा घोगरे मरणार आहेत हे कुणाला ठाऊक नव्हतं. ती एक साधी नोंद होती. ती नोंद नसती तर आज घोगरे आपल्याला बातमीतल्या एका ओळीपुरते उरले असते: ‘गोळीबाराच्या धक्क्याने शाहिराची आत्महत्या.’ रमाबाई नगरात मेलेल्या दहा जणांचा आवाज कुणाकडे आहे? त्यांना दहा हा आकडा मिळाला. घोगरेंना आवाज मिळाला, कारण कॅमेरा आधी पोचला होता.

आता या चित्रपटावरचे आपले आक्षेप. पटवर्धन ब्राह्मण कुटुंबातले, डाव्या विचारांचे. आंबेडकरी चळवळीकडे ते मार्क्सवादाच्या खिडकीतून बघतात. शीर्षकातच ‘कॉम्रेड’ येतो आणि बुद्ध कुठेतरी मागे राहतो. रिपब्लिकन नेत्यांची फरफट ते मन लावून दाखवतात. यातलं बरंचसं मला पटतं. चित्रपटाचा शेवटचा भाग कबीर कला मंचाच्या मुलांवर, शीतल साठेच्या आवाजावर उभा आहे. तिथे दिग्दर्शकाला जी आशा दिसते ती लाल-निळ्या एकीची आहे. धम्मदीक्षेने गावोगावच्या साध्या माणसाच्या घरात, लग्नात, नावांत, बोलण्यात जो बदल घडवला त्याकडे त्याची नजर तेवढी जात नाही. ही उणीव मोठी आहे. तरीही ‘हा आमचा चित्रपट नाही’ म्हणून तो बाजूला टाकणाऱ्यांशी माझं भांडण आहे. तो चित्रपट भायखळ्याच्या बीआयटी चाळीत, वस्त्यांमध्ये पडदे लावून दाखवला गेला. ज्यांच्या घरची माणसं मेली त्यांनी तो बघितला. साक्ष उपयोगी असेल तर साक्षीदाराच्या जातीवर टीका करावी, पण साक्ष फेकून देऊ नये.

आणि जातीचा मुद्दा काढायचाच तर तो नीट काढू. पटवर्धनांचे काका अच्युतराव पटवर्धन 1942 च्या भूमिगत लढ्यातले पुढारी. साताऱ्याच्या प्रति सरकारशी त्यांचा संबंध होता, म्हणजे आपल्या कुंडलच्या मातीशीही. 2023 साली पटवर्धनांनी ‘वसुधैव कुटुंबकम्’ या चित्रपटात आईवडील आणि या काकांची गोष्ट सांगितली. तो चित्रपट होऊ शकला कारण त्या घरात फोटो, आठवणी, नावं, तारखा असं सगळं जपलेलं होतं. खरी विषमता इथे आहे. कॅमेरा आज पाच-दहा हजारांत मिळतो. तीन पिढ्यांचं जपलेलं साहित्य विकत मिळत नाही.

पलूस तालुक्याचंच बघा. कागदावरचा इतिहास इथे कमी नाही. लक्ष्मणराव किर्लोस्करांनी 1910 साली कुंडल रोड स्टेशनजवळच्या माळावर कारखाना आणि वसाहत उभी केली. 1920 साली त्यांचं मासिक निघालं आणि त्यातून कारखान्याने स्वतःची कहाणी स्वतः लिहिली. (त्याच 1920 च्या जानेवारीत ‘मूकनायक’ निघालं. एकाच्या पाठीशी कारखाना होता. दुसरं तीन-चार वर्षांत बंद पडलं.) भिलवडीला जुनं वाचनालय आहे, औदुंबरला साहित्य संमेलन भरतं. प्रति सरकारवर पुस्तकं आहेत, स्मारकं आहेत. कुंडलच्या कॅप्टन भाऊंनी, म्हणजे तुफान सेनेच्या रामचंद्र लाडांनी, 7 जून 1943 रोजी शेणोलीजवळ पगाराची रेल्वे अडवल्याची कहाणी म्हातारपणी पी. साईनाथांना सांगितली आणि ती ‘परी’च्या संग्रहात त्यांच्याच आवाजात जपली गेली. 2022 साली कॅप्टन भाऊ वारले. नोंद आधी झाली होती, हे किती बरं झालं.

पण याच कुंडल-पलूसच्या महारवाड्यात, मांगवाड्यात त्या चार वर्षांत काय चाललं होतं? भूमिगतांना भाकरी कुणी पोचवली, निरोप कुणी नेले, येसकराला पोलिसांनी किती मारलं, ‘स्वराज्य’ या शब्दाचा अर्थ वस्तीत काय लावला जात होता? त्याचं रेकॉर्डिंग मला अजून कुठे ऐकायला मिळालेलं नाही.

बाबासाहेबांना नोंदीचं महत्त्व आपल्यापेक्षा फार चांगलं कळलं होतं. 1919 साली साउथबरो समितीपुढे आणि 1928 साली सायमन कमिशनपुढे त्यांनी साक्ष दिली. त्याआधी 1882 मध्ये जोतीरावांनी हंटर आयोगापुढे निवेदन ठेवलं होतं. साक्ष देणं ही आपली जुनी परंपरा आहे. आणि ‘वेटिंग फॉर अ व्हिसा’ तर आजच्या अर्थाने माहितीपटच म्हणावा असा मजकूर आहे. 1901 साल. साताऱ्याहून भावंडं वडिलांना भेटायला निघतात, मसूर स्टेशनवर उतरतात. स्टेशन मास्तराला जात कळते आणि त्याचा चेहरा बदलतो. गाडीवान दुप्पट भाडं घेऊन तयार होतो, पण गाडी मुलांनी हाकायची आणि तो पायी चालणार. स्टेशनचं नाव, भाड्याचा व्यवहार, तहान, रात्र, सगळं नेमकं लिहिलंय. हे मसूर आपल्याच पुणे-मिरज लाइनवरचं. मसूर, कराड, शेणोली, किर्लोस्करवाडी. एकाच लाइनवर शेणोलीचा पराक्रम घडला आणि मसूरची ती संध्याकाळही. शेणोलीची गोष्ट तालुक्याच्या शाळेत सांगतात. मसूरची सांगतात का, हे तुमच्या मुलांना विचारून बघा.

आता सोमनाथ वाघमारे. सांगली जिल्ह्यातल्या खेड्यातला, आंबेडकरी बौद्ध घरातला मुलगा. डाकीण ठरवल्या गेलेल्या बाईवर ‘आय अ‍ॅम नॉट अ विच’ हा त्याचा सुरुवातीचा माहितीपट. त्यानंतर 2017 साली त्याचा ‘द बॅटल ऑफ भीमा कोरेगाव’ आला. लोकांनी दिलेल्या वर्गणीवर उभा राहिलेला चित्रपट. या सालाकडे नीट लक्ष द्या. 1 जानेवारी 2018 ला भीमा कोरेगावला हल्ला झाला आणि रातोरात देशभरच्या वाहिन्यांना हे नाव कळलं. दिल्लीच्या स्टुडिओत बसलेल्या निवेदकांना तो एक ‘वादग्रस्त जातीय मेळावा’ वाटला. पुढे तर त्याला कटाचा वास चिकटवला गेला. पण त्याच्या आधीच एका पोराने तिथे जाऊन दाखवलं होतं की 1 जानेवारीला तिथे काय असतं: लहान मुलांना खांद्यावर घेतलेले बाप, पांढऱ्या साड्यांतल्या बाया, पुस्तकांचे स्टॉल, समता सैनिक दलाची सलामी, स्तंभावरची ‘नाक’ अखेरीची नावं शोधणारी बोटं. बाबासाहेब 1 जानेवारी 1927 ला तिथे गेले तेव्हापासून चालत आलेली ही गोष्ट. हल्ल्यानंतर कुणी कितीही कॅमेरे नेले असते तरी हे चित्र त्यांना मिळालं नसतं. हल्ल्यानंतर तिथे पोलीस, ड्रोन आणि बॅरिकेड आले.

म्हणून माझ्या मते तो चित्रपट त्याच्या कलागुणांपेक्षा त्याच्या तारखेमुळे मोठा आहे. तो गुन्ह्याच्या आधीचा आहे. आपल्यावर आरोप होण्याआधीची आपली बाजू आहे.

‘चैत्यभूमी’ हा त्याचा पुढचा चित्रपट, पा. रंजित यांच्या नीलम संस्थेने पुढे आणलेला. 6 डिसेंबरचं दादर आपल्याला पाठ आहे, पण पडद्यावर कसं होतं? ‘जय भीम कॉम्रेड’मध्येही शिवाजी पार्क येतं. तिथल्या रहिवाशांच्या तोंडून गर्दीची, घाणीची तक्रार ऐकू येते आणि सवर्ण मनाचा पंचनामा होतो. तो पंचनामा गरजेचा होता. वाघमारेच्या चित्रपटात मात्र शिवाजी पार्कचा रहिवासी हा मापदंडच राहत नाही. कॅमेरा आलेल्या माणसांबरोबर चालतो, गाणी ऐकतो, पुस्तकं चाळतो. दोन दिग्दर्शकांमधला फरक मला या एका ठिकाणी सर्वांत स्पष्ट दिसतो. पहिला विचारतो, यांच्यावर अन्याय कोण करतं? दुसरा विचारतो, ही माणसं कोण आहेत? आपल्याला दोन्ही प्रश्न लागतात. पण शंभर वर्षं आपण पहिल्याचीच उत्तरं देत आलो.

तिसरा, ‘गेल अँड भारत’. गेल ऑम्वेट अमेरिकेतून संशोधनासाठी आल्या, सत्यशोधक चळवळीवर त्यांनी ग्रंथ लिहिला आणि मग वाळवा तालुक्यातल्या कासेगावच्याच झाल्या. ज्या ब्राह्मणेतर चळवळीला पुण्या-मुंबईचे अभ्यासक जातीय म्हणून हिणवत होते तिच्यात त्यांनी सांस्कृतिक बंड पाहिलं. डॉ. भारत पाटणकरांबरोबर त्या धरणग्रस्तांच्या आणि पाण्याच्या लढ्यात रस्त्यावर होत्या. वाघमारेने त्यांच्या हयातीत चित्रण सुरू केलं. 25 ऑगस्ट 2021 ला त्या कासेगावला वारल्या. वर्तमानपत्रांत श्रद्धांजलीचे लेख आले, ते आवश्यकच होते, पण त्या घरातल्या गेलबाई त्या लेखांत कशा सापडणार? इथेही तेच झालं. कॅमेरा आधी गेला होता.

वाघमारेवर टीका करता येत नाही असं नाही. त्याच्या कॅमेऱ्याला आपल्या माणसांबद्दल इतकी माया आहे की आपल्यातले अंतर्विरोध तिथे कमी दिसतात. बौद्ध-मातंग दुरावा, वस्तीतला बायकांवरचा दबाव, जयंतीच्या वर्गणीचं राजकारण, हे सगळं अजून आपल्याच कुणीतरी चित्रित करायचं आहे. परक्याने ते केलं की आपण चिडतो. मग आपण करू या.

सांगली जिल्ह्यात हा विषय पुस्तकी नाही. 2023 साली मिरज तालुक्यातल्या बेडगमध्ये बाबासाहेबांच्या नावाची स्वागत कमान पाडली गेली आणि दलित कुटुंबं गाव सोडून मुंबईच्या दिशेने चालत निघाली. चालणाऱ्यांचे फोटो सगळीकडे छापून आले. ती कमान उभी राहत होती तेव्हाचं, तिच्यासाठी घराघरांतून झालेल्या चर्चेचं चित्रण किती जणांनी जपून ठेवलंय?

आता आपल्या खिशातल्या फोनबद्दल. 14 एप्रिलला पलूसमध्ये दर दुसऱ्या हाताने व्हिडिओ निघतो. डीजेचा, लेझर लाइटचा, नाचाचा. नाचू नये असं मी म्हणत नाही, वर्षातून एक दिवस पोरं आपल्या हक्काने रस्त्यावर असतात. पण त्याच मिरवणुकीत ट्रॉलीवर बसलेली ऐंशी-नव्वदीची आजी दीक्षेच्या वेळी शाळकरी किंवा नवविवाहित होती. 1956 साली वीस वर्षांचा असलेला माणूस आज नव्वदीला टेकलाय. घरातले देव नदीत कुणी सोडले, पहिलं बौद्ध पद्धतीचं लग्न कुणाचं लागलं, मेलेली ढोरं ओढायचं काम थांबवल्यावर गावाने काय केलं, हे सांगणारी ही शेवटची पिढी. महार वतनाचंही तसंच. वतनाविरुद्ध बाबासाहेबांनी 1928 साली मुंबईच्या कौन्सिलात विधेयक आणलं, वतनं कायद्याने गेली ती 1958 नंतर. सातबारावर जमिनीचा नंबर मिळेल. त्या जमिनीच्या बदल्यात रात्री-अपरात्री कुणाचा टपाल घेऊन किती कोस पळावं लागायचं, ते तलाठ्याकडे मिळणार नाही.

कायद्यालाही नोंदीचं मोल कळलेलं आहे. अ‍ॅट्रॉसिटी कायद्यात 2015 च्या दुरुस्तीने आलेलं कलम 15-अ सांगतं की या कायद्याखालच्या गुन्ह्यांच्या सर्व कार्यवाहीचं व्हिडिओ चित्रण व्हावं. किती पीडितांना हे माहीत असतं आणि किती जण तशी मागणी लेखी देतात? नवीन भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम 63 प्रमाणे मोबाइलमधलं चित्रण न्यायालयात द्यायचं तर सोबत प्रमाणपत्र लागतं आणि त्यात फाइलचं हॅश मूल्य नोंदवावं लागतं. हॅश म्हणजे फाइलच्या बोटाचा ठसा समजा. तीच फाइल व्हॉट्सअ‍ॅपवर फिरवली की ती दाबली जाते आणि ठसा बदलतो. घटनेचा व्हिडिओ शंभर ग्रुपवर टाकणारे आणि मूळ फाइल ‘मेमरी फुल्ल’ म्हणून पुसणारे कार्यकर्ते मी पाहिलेत. फोन घटनेच्या दिवशी बाजूला ठेवावा, मूळ फाइल दोन ठिकाणी उतरवून घ्यावी, मग जे फिरवायचं ते फिरवावं.

आणि सगळंच फिरवायचं नसतं. खैरलांजीत 29 सप्टेंबर 2006 ला सुरेखा, प्रियंका, सुधीर आणि रोशन भोतमांगे यांना मारलं गेलं. त्यानंतर त्यांच्या मृतदेहांचे फोटो गावोगाव फिरले. संताप पेटवायला ते लागले असतील, मी त्या वेळच्या कार्यकर्त्यांना दोष देत नाही. पण सुरेखाताई शेतात काम करताना, प्रियंका शाळेत जाताना कशा दिसायच्या, हे महाराष्ट्राने पाहिलं नाही. आपल्या पिढीच्या डोक्यात त्या दोघींची जी प्रतिमा आहे ती मारेकऱ्यांनी केलेली आहे.

म्हणून पलूस, कुंडल, आमणापूर, अंकलखोप, बुर्ली, दुधोंडी, वसगडे, जिथे कुठे तुम्ही काम करता तिथे या सहा डिसेंबरच्या आत निदान एका म्हाताऱ्या माणसासमोर फोन ठेवा. आधी परवानगी घ्या, ती कॅमेऱ्यावरच बोलून घ्या. सुरुवातीला गाव, नाव, तारीख सांगा. पंखा आणि टीव्ही बंद करा, नाहीतर आवाज गेला समजा. सून किंवा नातू मध्ये बोलून वाक्यं पुरी करायला लागले तर त्यांना चहा करायला पाठवा. आणि पहिला प्रश्न दीक्षेचा विचारू नका. सभेत बोलल्यासारखं पाठ उत्तर येतं, बाबासाहेबांचे उपकार म्हणून हात जोडले जातात आणि बोलणं तिथेच थांबतं. पाणी कुठून भरायचात, असं विचारा. विहिरीचं नाव निघालं की घागर कोण ओतायचं, कुठे थांबायला लागायचं, पहिल्यांदा हाताने पाणी कुणी शेंदलं, हे आपोआप निघत जातं. अर्धा तास मध्ये बोलू नका.